दशावताराच्या जुन्या चित्रफिती : व्हिडिओ फाइलच्या आत नेमके काय आहे, हे संगणकावर कसे पाहावे?

पायपेटी (प्रश्न)

नमस्कार. माझे वडील वेंगुर्ले तालुक्यातील आमच्या गावच्या आणि आसपासच्या गावांच्या जत्रांमध्ये रात्रभर चालणारे दशावताराचे प्रयोग २००१ ते २००७ या काळात स्वतःच्या कॅमेऱ्यावर चित्रित करून ठेवत असत. मिनी डीव्ही प्रकारच्या एकूण ३१ कॅसेट आहेत. काही वर्षांपूर्वी आम्ही त्या एका दुकानात देऊन संगणकावर उतरवून घेतल्या. परत आलेल्या हार्ड डिस्कवर २२ फाइली एमपी४ आणि ९ फाइली एव्हीआय अशा आहेत. कोणती कॅसेट कशी उतरवली याची एक ओळही दुकानाने लिहून दिलेली नाही.

एमपी४ फाइली प्रत्येकी सुमारे ७०० एमबीच्या असून घरच्या टीव्हीवर व्यवस्थित चालतात. एव्हीआय फाइली मात्र प्रत्येकी जवळजवळ १३ जीबीच्या आहेत. टीव्ही त्या उघडतच नाही आणि संगणकावर लावल्या, तर पात्र गिरकी घेते तेव्हा त्याच्या कडांवर कंगव्याच्या दातांसारख्या आडव्या रेघा दिसतात. फाइलवर उजवी कळ दाबून ‘प्रॉपर्टीज’मधील ‘डीटेल्स’ पाहिले, तेव्हा एमपी४साठी १९२० × १०८० आणि एव्हीआयसाठी ७२० × ५७६ असे आकडे दिसले. त्यावरून एमपी४ अधिक चांगल्या प्रतीच्या आहेत असे मी धरून चालले आहे, जरी त्यांतील माणसांचे चेहरे मला थोडे रुंद वाटतात. डिस्क भरत आली असल्यामुळे, त्या नऊ एव्हीआय फाइली एमपी४मध्ये बदलून मूळ फाइली काढून टाकाव्यात, असे घरातील सर्वांचे म्हणणे आहे.

तसे करण्यापूर्वी या फाइलींची संपूर्ण तांत्रिक माहिती मला पाहायची आहे. विंडोज दाखवते त्याहून अधिक माहिती कोठे मिळते आणि तिचा अर्थ कसा लावायचा? याशिवाय गेल्या वर्षीच्या जत्रेत चुलतभावाने फोनवर केलेले दीड तासाचे चित्रण माझ्याकडे आहे. ते संपादनासाठी घेतले, की सुरुवातीला जुळणारा आवाज पुढे हळूहळू चित्रापासून सुटत जातो. त्याचे कारणही फाइलच्या माहितीत सापडू शकेल का?

दशावताराला लिखित संहिता नसते. आख्यानातील संवाद नट त्या रात्री रंगमंचावरच रचतात. चित्रित झालेले नट आता हयात नाहीत, म्हणून हे काम चुकू नये असे मनापासून वाटते.

फीतघर

सर्वप्रथम एक विनंती : पुढील उत्तर वाचून होईपर्यंत एकही फाइल काढून टाकू नका आणि बदलूही नका. ज्या नऊ फाइली आपल्याला अडचणीच्या वाटत आहेत, त्याच आपल्या संग्रहातील सर्वांत मोलाच्या असण्याची दाट शक्यता आहे.

एमपी४, एव्हीआय, एमकेव्ही ही नावे फक्त बाहेरच्या पेटाऱ्याची आहेत. दशावतारी मंडळींचा पेटारा बाहेरून पाहून आत कोणत्या सोंगाचे कपडे आहेत ते कळत नाही, तसेच इथे आहे. आत चित्राचा एक प्रवाह असतो आणि आवाजाचे एक किंवा अधिक प्रवाह असतात, आणि प्रत्येक प्रवाह एखाद्या कोडेकने, म्हणजे आकुंचनाच्या ठरावीक पद्धतीने, बांधलेला असतो. एव्हीआय हा पेटारा मायक्रोसॉफ्टने १९९२ साली आणला आणि त्यात आजवर डझनावारी कोडेक भरले गेले आहेत. त्यामुळे ‘टीव्हीवर एव्हीआय चालत नाही’ या वाक्यातून काहीच निष्पन्न होत नाही. टीव्हीला आतील कोडेक ओळखता येत नाही, एवढाच त्याचा अर्थ असतो. विंडोजच्या ‘डीटेल्स’मध्ये रुंदी, उंची, डेटा रेट आणि फ्रेम रेट मिळतात, परंतु कोडेकचे नाव, जे सर्वांत आधी हवे, ते तेथे नसते.

यासाठी मीडियाइन्फो हा मोफत आणि मुक्तस्रोत प्रोग्राम वापरा. मीडियाएरिया या फ्रेंच संस्थेचा हा प्रोग्राम विंडोज, मॅक आणि लिनक्स या तिन्हींवर चालतो. तो त्यांच्याच संकेतस्थळावरून घ्यावा, कारण इतर ठिकाणच्या प्रतींसोबत नको असलेले प्रोग्राम येऊ शकतात. तो उघडून फाइल त्यात ओढून टाका आणि ‘व्ह्यू’ या मेनूतून ‘टेक्स्ट’ निवडा. आरंभीचा ‘बेसिक’ देखावा फार त्रोटक असतो आणि पुष्कळ जण तेथेच थांबतात. हा प्रोग्राम फाइल केवळ वाचतो, तिच्यात काहीही बदल करीत नाही, त्यामुळे मूळ फाइलवर तो निर्धास्तपणे चालवा.

पडद्यावर ‘जनरल’, ‘व्हिडिओ’ आणि ‘ऑडिओ’ असे तीन भाग येतील. एक एमपी४ आणि एक एव्हीआय अशा दोन फाइलींचे ‘व्हिडिओ’ आणि ‘ऑडिओ’ भाग जसेच्या तसे येथे कळवा. विशेषतः फॉरमॅट, बिट रेट (दर सेकंदासाठी साठवलेली माहिती), डिस्प्ले आस्पेक्ट रेशो (चित्राच्या रुंदी-उंचीचे प्रमाण), स्कॅन टाइप, आवाजाचा सॅम्पलिंग रेट, आणि ‘रेकॉर्डेड डेट’ अशी ओळ असल्यास तीही.

सागरगोटा

फीतघर यांच्या म्हणण्याला जोड म्हणून सांगतो. नवा प्रोग्राम घ्यायचा नसेल आणि संगणकावर व्हीएलसी हा व्हिडिओ चालवणारा प्रोग्राम असेल, तर फाइल चालू करून कंट्रोल आणि जे या कळा एकत्र दाबाव्यात, किंवा ‘टूल्स’ मेनूतून ‘कोडेक इन्फर्मेशन’ निवडावे. तेथे प्रत्येक प्रवाहाचा कोडेक, रिझोल्यूशन, फ्रेम रेट आणि आवाजाचा सॅम्पल रेट दिसतो. त्याच खिडकीतील ‘स्टॅटिस्टिक्स’ या भागात फाइल चालत असताना किती फ्रेम गळत आहेत, हेही कळते. हे मीडियाइन्फो सांगू शकत नाही, कारण तो फाइल चालवत नाही. एखादी फाइल अडखळत असेल, तर दोष फाइलचा की संगणकाच्या क्षमतेचा, हे ठरवायला ही खिडकी फार उपयोगी पडते. मॅकवर क्विकटाइम प्लेयरमध्ये कमांड आणि आय दाबले, की मोजकी माहिती मिळते.

व्हीएलसीमध्ये एका गोष्टीने गोंधळ होऊ शकतो. १०८० ओळींच्या फाइलसाठी ‘बफर डायमेन्शन्स’ समोर १९२० × १०८८ असा आकडा दिसतो. ती फाइलमधील चूक नाही. एच.२६४ (मीडियाइन्फोमध्ये याचेच नाव एव्हीसी असे दिसते) हा कोडेक चित्राचे १६ × १६ बिंदूंचे चौकोन पाडतो आणि १०८०ला १६ने पूर्ण भाग जात नाही, म्हणून खाली आठ ओळी जास्तीच्या घेतल्या जातात आणि दाखवताना कापल्या जातात.

आपण दिलेल्या आकड्यांवरूनही थोडा हिशेब करता येतो. एका कॅसेटची लांबी साधारण ६२ मिनिटे, म्हणजे ३७२० सेकंद, धरली, तर ७०० एमबी गुणिले ८ भागिले ३७२० म्हणजे सेकंदाला सुमारे दीड मेगाबिट पडतात. १३ जीबीच्या फाइलला तोच हिशेब लावला, तर सुमारे २८ मेगाबिट येतात. ज्या फाइलीत बिंदू अधिक, तिला माहिती इतकी कमी मिळालेली आहे, यावरूनच मला शंका येऊ लागली आहे.

पायपेटी

दोघांचेही मनापासून आभार. मीडियाइन्फोने दिलेली माहिती अशी आहे.

एमपी४ : फॉरमॅट एव्हीसी, बिट रेट १.३७ मेगाबिट, १९२० × १०८०, डिस्प्ले आस्पेक्ट रेशो १६:९, फ्रेम रेट २५, कॉन्स्टंट, स्कॅन टाइप प्रोग्रेसिव्ह. आवाज एएसी, १२८ किलोबिट, ४८ किलोहर्ट्झ. रेकॉर्डेड डेट ही ओळ नाही.

एव्हीआय : फॉरमॅट डीव्ही, ७२० × ५७६, डिस्प्ले आस्पेक्ट रेशो ४:३, फ्रेम रेट २५, स्कॅन टाइप इंटरलेस्ड, स्कॅन ऑर्डर बॉटम फील्ड फर्स्ट, बिट रेट सुमारे २४.४ मेगाबिट. आवाज पीसीएम, ३२ किलोहर्ट्झ. रेकॉर्डेड डेटसमोर २००४ सालची तारीख आणि मध्यरात्रीनंतरची २ वाजून १७ मिनिटांची वेळ आहे. ही वेळ कोठून आली असावी?

फीतघर

ही वेळ आपल्या वडिलांच्या कॅमेऱ्यातून आली आहे. मिनी डीव्ही कॅमेरा चित्रासोबतच घड्याळातील तारीख आणि वेळ फितीवर सतत लिहीत जातो. कॅसेट फायरवायर या कॅमेरा-संगणक जोडणीच्या तारेने संगणकावर उतरवली, तर फितीवरील अंकीय माहिती आहे तशीच फाइलमध्ये येते. चित्र पुन्हा आकुंचित होत नाही. आपल्या नऊ एव्हीआय फाइली अशाच उतरवलेल्या आहेत : पॅल या जुन्या टीव्ही पद्धतीच्या ७२० × ५७६ बिंदूंच्या चौकटी, चित्रासाठी सेकंदाला सुमारे २५ मेगाबिट, आवाज आणि इतर नोंदी धरून तासाला साधारण १३ जीबी, बॉटम फील्ड फर्स्ट. प्रत्येक खूण डीव्हीच्या ठरलेल्या स्वरूपाशी जुळते. ३२ किलोहर्ट्झ आवाजाचेही नवल नाही, कारण डीव्ही कॅमेऱ्यांत १२ बिटांची तशी सोय असे आणि ती चालू राहिल्याचे पुष्कळांना कधी कळलेही नाही. थोडक्यात, या फाइली कॅसेटच्या तोडीच्या आहेत.

आता एमपी४कडे पाहू. ७२० × ५७६ म्हणजे ४,१४,७२० बिंदू आणि १९२० × १०८० म्हणजे २०,७३,६००, अगदी बरोबर पाचपट. कॅसेटवर जेवढे बिंदू होते तेवढेच होते; उरलेले चार हिस्से संगणकाने शेजारच्या बिंदूंवरून अंदाजाने भरले आहेत. दुसरीकडे बिट रेट पंचवीसवरून दीडच्याही खाली आणला आहे. एच.२६४ हा डीव्हीपेक्षा कितीतरी कार्यक्षम कोडेक आहे हे खरे, पण पेट्रोमॅक्सच्या किंवा ट्यूबलाइटच्या उजेडात केलेल्या चित्रणात अंधाऱ्या भागांत दाणेदारपणा फार असतो, आणि इतक्या तुटपुंज्या बिट रेटमध्ये पहिला बळी त्या भागांचाच जातो. संकासुराच्या काळ्या वेषाच्या चुण्या दोन्ही प्रकारच्या फाइलींत पाहून तुलना करा. मी काय म्हणतो ते लगेच दिसेल.

चेहरे रुंद दिसण्याचे कारणही आपल्या माहितीतच आहे. मूळ चित्र ४:३ आहे आणि एमपी४ १६:९ आहे. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या ठेवण्याऐवजी दुकानाने चित्रच ताणले, त्यामुळे प्रत्येक माणूस एक तृतीयांशाने रुंद झाला. पाहताना व्हीएलसीमध्ये ‘ए’ ही कळ दाबत राहिल्यास प्रमाण बदलत जाते, ४:३वर थांबावे.

आडव्या रेघांबद्दल सविस्तर लिहितो, कारण याच एका गोष्टीपायी लोक चांगल्या फाइली टाकून देतात. इंटरलेस्ड चित्रणात सेकंदाला २५ चौकटी असतात, पण प्रत्येक चौकट दोन अर्ध्या भागांची बनलेली असते : एकात सम ओळी, दुसऱ्यात विषम, आणि दोन्हींमध्ये सेकंदाच्या पन्नासाव्या हिश्श्याचे अंतर. जुना टीव्ही हे भाग एकामागून एक दाखवत असे, म्हणून हालचाल सलग वाटे. संगणक दोन्ही भाग एकदम दाखवतो, तेव्हा फिरणाऱ्या पात्राचा हात एकाच वेळी दोन जागी दिसतो आणि कंगवा तयार होतो. व्हीएलसीमध्ये ‘डी’ ही कळ दाबली, की डीइंटरलेस सुरू होते आणि रेघा जातात. फाइलमध्ये दोष काहीच नाही. उलट एमपी४ करताना पन्नास क्षणांचे पंचवीस केले गेले, म्हणजे हालचालीची अर्धी नोंद गेली; मृदंगावर पडणाऱ्या बोटांकडे पाहिले तर ते जाणवेल.

माझा सल्ला असा आहे. नऊ डीव्ही फाइली आहेत तशाच ठेवा आणि त्यांची आणखी एक प्रत वेगळ्या डिस्कवर करून ती दुसऱ्या घरी ठेवा. टीव्हीवर पाहण्यासाठी व्हिडिओचे रूपांतर करणाऱ्या हँडब्रेक या प्रोग्राममध्ये डीइंटरलेस चालू ठेवून, सेकंदाला ५० फ्रेम आणि ४:३ प्रमाण राखून वेगळी एमपी४ प्रत काढा. उरलेल्या २२ कॅसेट आजही घरात असतील, तर चालू स्थितीतला मिनी डीव्ही कॅमेरा मिळवून त्या पुन्हा फायरवायरने उतरवून घ्या, आणि काम देताना ‘डीव्ही स्वरूपातच हव्यात, रूपांतर नको’ असे कागदावर लिहून द्या. फिती जुन्या होत चालल्या आहेत आणि त्या चालवणारे कॅमेरेही दुर्मिळ होत आहेत, त्यामुळे हे काम पुढच्या वर्षावर ढकलू नका.

रात्रपाळी

फोनवरील चित्रणाच्या प्रश्नाकडे कोणाचे लक्ष गेलेले नाही, म्हणून त्यापुरते लिहिते. त्या फाइलच्या ‘व्हिडिओ’ भागात ‘फ्रेम रेट मोड’ ही ओळ पाहा. तेथे बहुधा ‘व्हेरिएबल’ असेल, आणि त्याखाली किमान व कमाल फ्रेम रेट वेगवेगळे दिलेले असतील. उजेड कमी झाला किंवा फोन तापला, की तो सेकंदाला घेतल्या जाणाऱ्या फ्रेमची संख्या कमी-जास्त करतो. चालवणारा प्रोग्राम प्रत्येक फ्रेमची वेळ पाहतो, म्हणून तेथे आवाज जुळतो. काही संपादन प्रोग्राम मात्र सर्व फ्रेम समान अंतरावर आहेत असे धरतात आणि मिनिटामिनिटाला चूक साठत जाते. संपादनापूर्वी हँडब्रेकमध्ये ‘कॉन्स्टंट फ्रेमरेट’ निवडून, गुणवत्ता उंच ठेवून एक प्रत काढावी आणि तीच संपादनात वापरावी.

चुलतभावाने ती फाइल कशी पाठवली, हेही विचारा. व्हॉट्सॲपवरून व्हिडिओ म्हणून पाठवली असेल, तर ती पुन्हा आकुंचित झालेली आहे आणि तिची मूळ माहितीही बरीचशी गेलेली आहे. तीच ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवली, किंवा तारेने थेट उतरवून घेतली, तर जशीच्या तशी येते.

तारखेविषयी एक खबरदारी आवश्यक आहे. फोनच्या एमपी४ फाइलमधील ‘एन्कोडेड डेट’ सहसा यूटीसी या जागतिक वेळेनुसार असते आणि भारतीय वेळ तिच्यापेक्षा साडेपाच तास पुढे आहे. दशावतार मध्यरात्रीनंतर रंगतो. रात्री दोन वाजता सुरू केलेल्या चित्रणावर आदल्या दिवशीची २० वाजून ३० मिनिटे ही वेळ दिसेल. जत्रा तिथीवर ठरत असल्यामुळे तारीख एका दिवसाने चुकली, तरी पुढे नोंदींचा मेळ बसणार नाही. वडिलांच्या डीव्ही फाइलींना मात्र हे साडेपाच तास मिळवू नका, कारण त्या कॅमेऱ्याच्या घड्याळात जी स्थानिक वेळ लावलेली होती तीच तेथे उमटली आहे. आणि एखाद्या एमपी४वर १९०४ साल दिसले, तर गोंधळू नका. या स्वरूपात वेळ १ जानेवारी १९०४पासूनच्या सेकंदांत मोजतात. जागा रिकामी राहिली, की शून्य सेकंद, म्हणजे तोच दिवस, दिसतो.

खूणगाठ

एकतीस फाइली एकेक करून उघडण्याची गरज नाही. संपूर्ण फोल्डर मीडियाइन्फोमध्ये ओढून टाकता येतो आणि ‘एक्सपोर्ट’मधून सर्वांची माहिती एका मजकूर फाइलीत किंवा तक्त्यात जतन करता येते. ती माहिती त्याच डिस्कवर चित्रफितींशेजारी ठेवा, म्हणजे दहा वर्षांनी आपल्या घरातील दुसऱ्या कोणी डिस्क उघडली, तरी आज आपल्याला पडलेला प्रश्न त्यांना पडणार नाही. आदेश लिहून काम करण्याची सवय असेल, तर एफएफएमपेगसोबत येणारे एफएफप्रोब हे साधन आणखी बारीक, अगदी एकेका फ्रेमपर्यंतची माहिती देते. आपल्या कामासाठी मात्र मीडियाइन्फो पुरेसा आहे.

डीव्ही फाइलींसाठी डीव्हीरेस्क्यू नावाचे मोफत साधन आहे, तेही मीडियाएरियाच्या सहभागातून तयार झालेले. फितीवरचा एखादा भाग वाचताना नीट न आल्यास कोणत्या फ्रेममध्ये किती बिघाड आहे, हे ते दाखवते. कॅसेट पुन्हा उतरवल्यावर जुनी आणि नवी प्रत यांतली अधिक निर्दोष कोणती, ते त्यावरून ठरवता येईल.

काही संकेतस्थळे ‘व्हिडिओ अपलोड करा, माहिती सांगतो’ म्हणतात. १३ जीबीची फाइल तेथे चढवणे अव्यवहार्य तर आहेच, शिवाय फोनच्या चित्रणात बहुतेक वेळा ठिकाणाचे अक्षांश-रेखांशही नोंदलेले असतात, ते अनोळखी हाती जातात. मीडियाइन्फोची ब्राउझरमध्ये चालणारी आवृत्ती मात्र फाइल आपल्याच संगणकावर वाचते, ती कोठेही पाठवत नाही.

पायपेटी

आपणा सर्वांच्या सांगण्याप्रमाणे कामाला सुरुवात केली आहे. नऊ डीव्ही फाइलींची दुसरी प्रत करून ती बहिणीकडे कणकवलीला पाठवली. सर्व ३१ फाइलींचा तक्ता तयार केला. त्यातून असे दिसले, की बावीसच्या बावीस एमपी४ एकाच मापाने ताणलेल्या आहेत आणि त्यांपैकी एकीवरही चित्रणाची तारीख उरलेली नाही. फोनच्या फाइलीत ‘व्हेरिएबल’ असेच लिहिलेले होते. कॉन्स्टंट फ्रेमरेटची प्रत काढल्यावर शेवटच्या मिनिटापर्यंत झांज आणि आवाज जुळतात.

२००४च्या त्या फाइलीची तारीख आईला वाचून दाखवली. तिने दिनदर्शिका न पाहता ती कोणत्या गावची जत्रा होती ते सांगितले, कारण त्या रात्री दहीकाला होऊन आम्ही घरी परतलो तेव्हा उजाडले होते आणि धाकटा भाऊ वडिलांच्या खांद्यावर झोपला होता. त्या आख्यानात स्त्री-भूमिका करणाऱ्या नटाचे नावही तिला आठवले. ते मी तक्त्यात लिहून ठेवले आहे.

कॅसेट सर्व घरातच आहेत. वडिलांचा कॅमेरा बंद पडलेला आहे, परंतु सावंतवाडीतील एका परिचितांकडे त्याच प्रकारचा चालू कॅमेरा असल्याचे कळले आहे. फायरवायरची तार त्यांच्याकडे आहे. संगणकाला तिची जोडणी नसल्यामुळे वेगळे कार्ड बसवावे लागेल. पहिली कॅसेट उतरवली, की डीव्हीरेस्क्यूने दाखवलेली माहिती येथे कळवीन, म्हणजे पुढच्या एकवीस कॅसेटना हात लावण्यापूर्वी आपल्याला ती तपासता येईल.